भुताची तबकडी, गोल सोंगट्यांचं बुद्धिबळ आणि बारीक आवाजाचा खलनायक: हा पिक्चर कुणाचा?

आंब्याचीपेटी (डोंबिवली, गाव देवगड तालुका)

नमस्कार मंडळी. एक पिक्चर शोधतोय, पस्तीसेक वर्षं झाली. नाव माहीत नाही, नट माहीत नाहीत, दिग्दर्शकाचं तर सोडाच.

साल ८८ किंवा ८९. गणपतीत वाडीतल्या पोरांनी वर्गणी काढून जागरणाला व्हिसीआर आणला होता. भजन झालं, काळ्या वाटाण्यांची उसळ नि पाव खाऊन झाले, मग खळ्यात टेबलावर टीव्ही ठेवला. आधी हिंदी लागला. तो संपेपर्यंत बायामाणसं झोपायला गेली, आणि मग चिनी लावला.

आठवतं ते असं. एक खुनी असतो, तो मारायच्या आधी भुताच्या तोंडाची तबकडी फेकतो. ती जाऊन भिंतीत रुतते. ज्याच्या बापाला त्याने मारलंय असा एक पोरगा सूड घ्यायला लढाई शिकायला जातो. तिथे त्याला सगळे छळतात, फक्त एक म्हातारा आचारी जीव लावतो. मग दुसरा एक म्हातारा भेटतो, तो गोल सोंगट्यांचं बुद्धिबळ खेळत खेळत मारामारी शिकवतो. इथवर सगळं बरोबर. पण पुढे एकदम पांढऱ्या केसांचा एक माणूस येतो, बाईसारख्या बारीक आवाजात बोलतो, आणि त्याच्या अंगावर काही म्हणजे काही चालत नाही. एकच जागा कच्ची असते, ती सगळे शोधत बसतात. तबकडीवाला कुठे गेला? पोरगा कुठे गेला? मधे मला झोप लागली असणार.

इंटरनेटवर अर्धी वर्णनं जुळतात, अर्धी नाही. कुणाला ठाऊक आहे का?

शहाणाकोल्हा

हे सगळे हाँगकाँगच्या शाओ ब्रदर्स कंपनीचे. 'थर्टी सिक्स्थ चेंबर' बघा, तोच असेल.

व्हिडिओवाला (मालवण)

कोल्होबा, तो नव्हे. त्यात तबकडी कुठे आहे? आपल्याकडे टक्कल आणि भगवी कफनी दिसली की लोक तेच नाव घेतात.

आंब्याचीपेटी, तुम्हाला झोप लागली नव्हती. पिक्चर बदलला होता. आणि बदललेला तुम्हाला कळला नाही, याचा दोष माझ्यावर आहे किंवा माझ्यासारख्याच कुणावर.

मी ८४ ते ९५ व्हिडिओचा धंदा केला. टीव्ही, व्हिसीआर, जनरेटर नि कॅसेटींची पत्र्याची पेटी जीपच्या मागे टाकायची आणि आचऱ्यापासून देवगडपर्यंत वाड्या फिरायच्या. गणपती, साखरपुडा, बारसं, काहीही चालायचं. कॅसेट मुंबईहून एस.टी.च्या पार्सलने यायची, ती आणायची आणि घरी दोन व्हिसीआर जोडून कॉपी मारायची. आता हिशोब बघा. कॅसेट एकशेऐंशी मिनिटांची. चिनी पिक्चर साधारण दीड तासाचा. एकावर दोन बसवायचे तर दोन-चार मिनिटं हमखास कमी पडतात, आणि कोरी कॅसेट तेव्हा काय भावाने मिळायची ते विचारू नका. मग कापायचं काय? मारामारी कापली तर लोक जीप पेटवतील. म्हणून सुरुवातीची नावं उडवायची, आणि खलनायक आडवा झाला की लगेच बटण दाबायचं. दोन पिक्चरांच्या मधे फक्त एक 'खर्र' आणि पडद्यावर आडव्या रेघा. रात्रीचे तीन वाजलेले. आठ-दहा वर्षांच्या पोराला काय कळणार?

तर पहिला अर्धा म्हणजे 'द मिस्टरी ऑफ चेस बॉक्सिंग', १९७९. तबकडीवाला तो मार्क लाँग. पोरगा ली यी-मिन. बुद्धिबळवाला म्हातारा जॅक लाँग, जो तेव्हा म्हातारा नव्हताच, केसांना रंग फासून बसवलेला. दुसरा अर्धा 'बॉर्न इन्व्हिन्सिबल', १९७८. बारीक आवाजाचा तो कार्टर वाँग. (आवाज त्याचा नव्हे, इंग्रजी डबिंगवाल्याने काढलेला. एवढ्या धिप्पाड माणसाला तो आवाज का दिला ते देव जाणे, पण लक्षात राहिला की नाही?) दोन्ही लाँग त्या दुसऱ्या पिक्चरातही आहेत, त्यामुळे तुमचा घोटाळा आणखीच पक्का झाला.

आणि दोन्हींचा दिग्दर्शक एकच. जोसेफ कुओ. तैवानचा. घरचं नाव कुओ नान-हुंग.

ही जोडी मी लावली ती लांबी जुळली म्हणून. दिग्दर्शक एक आहे याचा मला पत्ताही नव्हता. अकरा वर्षांत या माणसाचे पाच-सहा पिक्चर मी वाड्यावाड्यांत दाखवले असतील, आणि दर वेळी पहिलं काम म्हणजे त्याचं नाव उडवणं. गेल्या काही वर्षांत त्याच्या आठ पिक्चरांचा एक साफसूफ केलेला संच परदेशात निघाला. भाच्याने तो आणला, मोठ्या टीव्हीवर लावला, आणि मी पहिल्यांदा सुरुवातीची नावं बसून वाचली. लेखक तोच, निर्माता तोच, दिग्दर्शक तोच. दुसरा लावला, परत तोच. जरा ओशाळल्यासारखं झालं खरं.

मग मागे लागून वाचलं. १९३५चा जन्म. सुरुवात कराटे-बिराटेतून नाहीच. पन्नासच्या दशकाच्या अखेरीस तैवानी बोलीतल्या पिक्चरांपासून केली. तिथे तेव्हा सरकारी भाषा मँडरिन. घरात, बाजारात तैवानी. शाळेत तैवानी बोललं तर पोरांना शिक्षा. आपल्याला हे कुणी समजावून सांगायला नको. 'माका', 'तुका' म्हणालो म्हणून गुरुजींनी कान पिळलेली पिढी माझी. तर त्या बोलीत पंचवीस वर्षांत हजारावर पिक्चर निघाले, स्वस्तात, घाईत. आज त्यातले दोनेकशेच शिल्लक. बाकीच्यांची रिळं गेली. दमट हवा, बुरशी, आणि कुणाला जपून ठेवावीशी वाटली नाहीत. माझ्या पत्र्याच्या पेटीतल्या कॅसेटींचं जे एका पावसाळ्यात झालं, तेच.

बोलीतले पिक्चर मागे पडायला लागले तसा हा मँडरिनमध्ये गेला. १९६८ साली 'द स्वोर्ड्समन ऑफ ऑल स्वोर्ड्समेन'. बापाचा सूड घ्यायला निघालेला तलवारबाज, तिएन पेंग, आणि बरोबर पॉली शांग-क्वान. हा मी अलीकडे पाहिला आणि चाट पडलो. मोठी कंपनी पाठीशी होती, पैसा होता, तर या माणसाला माळरानावरचा वारा आणि तलवार उपसायच्या आधीची शांतता बरोबर दाखवता येत होती. म्हणजे पुढे जी घिसाडघाई दिसते ती येत नव्हतं म्हणून नव्हे.

सत्तरच्या दशकात त्याने स्वतःची कंपनी काढली. शाओ बंधूंकडे हाँगकाँगला स्वतःचा भलामोठा स्टुडिओ, पगारी नट, शिवणखाना, उभे केलेले राजवाडे. याच्याकडे डोंगर, नदीकाठ आणि एखादं देऊळ. तुम्ही त्याचे पिक्चर बघा, निम्मी लढाई गवतात होते. मग १९७६ला 'द एटीन ब्राँझमेन' आला आणि तुफान चालला. शाओलिनच्या, म्हणजे लढाई शिकणाऱ्या भिक्षूंच्या, देवळातून बाहेर पडायचं तर अठरा पितळी माणसांच्या परीक्षेतून जायचं. ही पितळी माणसं म्हणजे अंगाला सोनेरी रंग फासलेली माणसंच. पण आमच्या खळ्यात ती पहिल्यांदा हलली तेव्हा पुढच्या रांगेतली चार पोरं मागे पळाली होती. रंगाच्या एका डब्यात एवढं काम!

त्याच वर्षी त्याचा दुसरा भाग काढला, आणि इथे मी जरा भांडेन. त्यात कार्टर वाँग राजपुत्र आहे, जो पुढे सम्राट योंगझेंग होतो, म्हणजे शाओलिनचा वैरी. आपण दीड तास कुणाच्या बाजूने बसलोय तर खलनायकाच्या. कल्पना झकास. पण कुओला परीक्षांचा इतका मोह की पिक्चर परीक्षांतच खर्ची पडतो आणि शेवट हातातून सुटतो. लोकांनी मला विचारलं होतं, "रे, कॅसेट तुटली काय?" तुटली नव्हती. तो तसाच आहे.

माझ्या मते त्याचं सगळ्यात चांगलं काम 'द सेव्हन ग्रँडमास्टर्स'. निवृत्त व्हायला निघालेला म्हातारा उस्ताद (परत जॅक लाँग, परत रंगवलेले केस). कुणीतरी त्याला आव्हान देतं, म्हणून चेल्यांना घेऊन गावोगाव एकेका गुरूशी लढत जातो. मागे एक फाटका पोरगा, मला शिष्य करा म्हणून चिकटलेला. बस. बाकी सगळं चालणं आणि लढणं. पण प्रत्येक लढाईचा स्वभाव वेगळा. तिथली मारामारी बसवणाऱ्यांत कोरी युएन होता, जो पुढे स्वतः मोठा दिग्दर्शक झाला. 'द ट्रान्सपोर्टर' त्याचाच.

फार लिहिलं. बाकी कुणाला माहीत असेल तर भर घाला.

पखवाज (कुडाळ)

व्हिडिओवाले, कोरी युएनचं नाव काढलंत म्हणून लिहितो. हा माणूस हाँगकाँगच्या त्या पेकिंग ऑपेराच्या शाळेतला, जिथे जॅकी चॅन नि सॅमो हंग लहानपणी होते. नाटकवाली पोरं. म्हणून त्या काळच्या लढाया बघताना मला सारखं दशावतारातलं युद्ध आठवतं. आमच्या घरात दोन पिढ्या दशावताराला साथ केलीय, त्यामुळे मी आवाज बंद करूनही ते मोजू शकतो: एक-दोन-तीन, थांब. एक-दोन, गिरकी, थांब. तो 'थांब' आहे ना, तिथे आपल्याकडे झांज पडते आणि राक्षस डोळे वटारतो. तिकडेही पाय रोवून तसाच उभा राहतो. ठोसा लागला की नाही याला काडीची किंमत नाही, सम चुकता कामा नये.

आणि कुओ एक गोष्ट बरोबर करतो. कॅमेरा लांब ठेवतो. पाय दिसतात. हल्ली नुसते चेहरे आणि कापाकापी, कोण कुणाला मारतोय ते दुसऱ्या दिवशी कळतं.

शहाणाकोल्हा

बरं, माझं चुकलं. पण बुद्धिबळाने माणूस कसा मरतो ते कुणीतरी सांगा.

गंजिफा (सावंतवाडी)

शाळेत मुलांना बुद्धिबळ शिकवतो, म्हणून या पिक्चरपायी चिनी बुद्धिबळही शिकून घेतलं. शिआंगची म्हणतात त्याला. आपल्यासारख्याच सोळा-सोळा सोंगट्या, पण घरात नव्हे, रेघा जिथे एकमेकींना छेदतात तिथे ठेवायच्या. पटाच्या मधोमध नदी. हत्ती नदी ओलांडू शकत नाही. सेनापती नऊ ठिपक्यांच्या वाड्यात कोंडलेला. तोफ तर फारच मजेशीर: मारायचं असेल तर मधे कुणीतरी एक असावाच लागतो, त्याच्या डोक्यावरून उडून मारते. पण मला सगळ्यात आवडतो तो घोडा. आपला घोडा कुणाच्याही डोक्यावरून जातो. त्यांच्या घोड्याच्या लगत कुणी येऊन उभं राहिलं की त्या बाजूचा पाय अडकला, तिकडे उडी नाही.

आता हे डोक्यात ठेवून म्हाताऱ्याची शिकवणी बघा. शत्रूवर घाव घालण्यापेक्षा त्याची पुढची चाल ज्या जागेतून निघते ती जागा आधी अडवायची. मी वर्गात घोडा असाच समजावतो. एका मुलाने ते मधल्या सुट्टीत दुसऱ्यावर करून दाखवलं आणि मुख्याध्यापकांनी मला बोलावून घेतलं, ते जाऊ दे.

दुसरी गंमत तबकडीवाल्याची. त्याची पद्धत पंचतत्त्वांची. पण ती आपली पृथ्वी-आप-तेज-वायू-आकाश नव्हेत. चिनी पाच म्हणजे धातू, लाकूड, पाणी, अग्नी आणि माती. त्यांचं आपसात वैर ठरलेलं: पाणी अग्नी विझवतं, अग्नी धातू वितळवतो, धातू लाकूड कापतो, लाकूड माती फोडतं, माती पाणी अडवते. चक्र पुरं. म्हणजे समोरचा आत्ता कुठल्या तत्त्वात आहे ते ओळखलं की उत्तर हाताशी. शेवटच्या लढाईत म्हातारा आणि पोरगा दोघं मिळून का लागतात तेही मग पटतं. एकाने चाल ओळखायची, दुसऱ्याने अडवायची.

व्हिडिओवाला (मालवण)

वा, गुरुजी. हे मला ८८ साली कळलं असतं तर बरं झालं असतं, कारण तेव्हा समजावून सांगायचं काम माझ्याकडेच होतं.

म्हणजे झालं काय, की पिक्चर इंग्रजीत आणि खळ्यात इंग्रजी येणारं कुणी नाही. मग मी टीव्हीशेजारी स्टूल टाकून बसायचो आणि मालवणीत चालू करायचो. मलाही इंग्रजी फारसं येत नव्हतं, अर्धं मनाचंच. "ह्या झिलाच्या बापाशीक हेनाच मारल्यान. आता तो म्हाताऱ्याकडे जातलो. म्हातारो तेका बुद्धिबळ शिकयतलो." मागून कुणीतरी, "बुद्धिबळान खंय माणूस मरता रे मेल्या?" मी म्हणायचो, "गप रव, बघ फुडे." एकदा जनरेटर बंद पडला आणि अर्धा तास लाईट नाही, तर पुढची लढाई मी तोंडानेच सांगितली, हातवारे करून. लाईट आल्यावर खरी लागली तेव्हा लोक म्हणाले, तू सांगलंस ता जास्त बरा होता.

एका गावात तर नंतर ठरल्यापेक्षा निम्मेच पैसे हातावर ठेवले. म्हणे दोन पिक्चर ठरले होते, तू एकच दाखवलास. कारण तेच, मधली नावं नव्हती. तिथे माझं कापणं मलाच भोवलं.

आंब्याचीपेटी, शोधताना एक लक्षात ठेवा. 'चेस बॉक्सिंग' अमेरिकेत व्हिडिओवर 'निन्जा चेकर्स' या नावानेही विकला गेला. त्यात निन्जा औषधालाही नाही. पण तिकडच्या पोरांनी तो इतका पाहिला की १९९३ साली वू-टँग क्लॅन नावाच्या न्यूयॉर्कच्या रॅप मंडळींनी त्या पिक्चरच्या नावावर गाणं केलं, आणि त्यांच्यातल्या एकाने तबकडीवाल्याचं नावच घेतलं, घोस्टफेस. भाचा ते ऐकतो. मला त्यातलं ओ की ठो कळत नाही, पण आवाज ओळखीचा वाटतो, कॅसेटच्या खरखरीसकट.

कार्टर वाँग आवडला असेल तर त्याला १९८६च्या 'बिग ट्रबल इन लिटल चायना'मध्येही बघा. रागाने फुगून फुगून फुटतो.

आंब्याचीपेटी (डोंबिवली, गाव देवगड तालुका)

मंडळी, काल रात्री दोन्ही पाहिले. वेगवेगळे, नावांसकट. तबकडी भिंतीत रुतली तेव्हा मी सोफ्यावर पाय वर घेतले, पन्नाशीला टेकलेला माणूस. बायको म्हणाली, हे काय? सांगता येईना.

पण खरं सांगू? दुसरा संपल्यावर जरा चुकल्यासारखं वाटलं. माझ्या डोक्यातल्या पिक्चरात तो बुद्धिबळवाला म्हातारा बारीक आवाजाच्या माणसाची कच्ची जागा शोधून काढतो. तसा प्रसंग कुठेच नाही. तो मीच जोडला होता की काय, खळ्यात बसून!

व्हिडिओवाले, आमच्याकडे जीप घेऊन आलेला माणूसही टीव्हीशेजारी स्टुलावर बसून बोलत होता एवढं नक्की आठवतं. तुम्हीच का? आईला फोन करून विचारलं. तिला पिक्चर अजिबात आठवत नाही. जीपवाला रात्रभर तीन वेळा चहा प्यायला आणि त्याच्या जनरेटरमुळे गोठ्यातली म्हैस सकाळी दुधाला लागली नाही, हे मात्र लख्ख आठवतं. आणि बापूकाकांनी त्या रात्रीची वर्गणी अजून दिलेली नाही म्हणे.

व्हिडिओवाला (मालवण)

तीन वेळा चहा म्हणजे मीच असणार. म्हशीचं ऐकून वाईट वाटलं. बापूकाकांकडची वर्गणी किती होती ते आईंना विचारून ठेवा.